खिडकीजवळचा शॉट

त्याला सगळे टेप म्हणायचे. खरं नाव बायकोला ठाऊक होतं, पण तीही ते वापरायची नाही. घरात तो नुसता ‘अरे’ होता.

टेप हे नाव पडलं ते तरुणपणी, मोठ्या युनिटमध्ये फोकस ओढायचं काम करताना. काम असं की ॲक्टर जागेवर उभा राहिला की मापाची टेप घेऊन धावायचं, लेन्सपासून त्याच्या डोळ्यापर्यंतचं अंतर मोजायचं, आणि शॉट चालू असताना तो माणूस जरा पुढे-मागे झाला की त्या अंदाजाने लेन्सवरची कडी फिरवत राहायची. नीट जमलं तर असा कोणी माणूस तिथे होता हे कुणाला कळतही नाही. चुकलं की मात्र सगळ्यांसमोर उद्धार. टेपचा उद्धार फारसा कधी झाला नाही. तो डोळ्यांत तेल घालून काम करायचा. समोर नायिका ढसाढसा रडत असो, तिचं रडणं बघून लाइटवाले डोळे पुसत असोत, हा आपला ती रडताना किती पुढे झुकते आहे तेवढं बघणार आणि कडी फिरवणार. शॉट संपला आणि फोकस जागेवर राहिला, की मान डोलवून अंगठा वर करायचा. संध्याकाळी कोणी विचारलं, ‘आज काय सीन होता रे?’ तर म्हणायचा, ‘क्लोज होता. लांबची लेन्स.’

लोक हसायचे. त्यात हसण्यासारखं काय आहे ते त्याला कधी कळलं नाही.

बायकोची ओळख झाली तीही कामापायीच. एकदा क्रेनवरून उतरताना पाय घसरला आणि मनगटावर पडला. इस्पितळात एक्स-रे काढणारी एक बारीक अंगाची, कमी बोलणारी मुलगी होती. तिने त्याचा हात प्लेटवर ठेवला, ‘हलू नका’ म्हणाली आणि आत गेली. थोड्या वेळाने फिल्म उजेडासमोर धरून दाखवली. टेपने ती निरखून पाहिली आणि म्हणाला, ‘वा! काळं-पांढरं काय सुरेख आलंय!’

‘हाड मोडलंय तुमचं,’ ती म्हणाली.

लग्नानंतर ही गोष्ट ती पाहुण्यांना सांगायची. तिला सांगायला आवडतील अशा गोष्टी थोड्याच होत्या, ही त्यातली एक. ‘दोघंही फोटो काढतो आम्ही,’ म्हणायची, ‘ह्याचे लोक बघतात, माझे डॉक्टर.’

फोकसवरून टेप कॅमेऱ्यावर गेला. साबणाच्या जाहिराती, भिंतींच्या रंगाच्या जाहिराती, मालिका, दुसऱ्यांचे सिनेमे, मिळेल ते केलं. उजेडातलं त्याला फार कळायचं. एखाद्या खोलीत शिरला की तो माणसांना नमस्कार करायच्या आधी खिडक्या बघायचा. आणि चांगल्या कॅमेरामनच्या डोक्यात कधी ना कधी जो किडा शिरतो तो त्याच्याही शिरला. आपण एवढ्या देखण्या चौकटी लावून द्यायच्या आणि दिग्दर्शकाने त्यांची माती करायची, हे किती दिवस चालायचं? आता आपला सिनेमा आपण करायचा. मागे निर्माता नाही, स्टुडिओ नाही. कॅमेरा स्वतःचा आणि हट्टही स्वतःचा.

घर बायकोच्या पगारावर चालू लागलं. त्याबद्दल तिने कधी चकार शब्द काढला नाही, आणि टेपला ते ‘तिची हरकत नाही’ असं वाटलं. न बोलणाऱ्या माणसाचं हे एक नुकसान असतं. त्याच्या गप्प बसण्याचा अर्थ ज्याला जो सोयीचा, तो तो लावून मोकळा होतो.

पहिला सिनेमा पुरा व्हायला काही वर्षं गेली. एका छोट्या महोत्सवात दाखवला. पेपरात कुणीतरी लिहिलं, ‘यातली एकेक चौकट भिंतीवर लावावी इतकी सुंदर आहे, पण दोन तास भिंतीकडे बघत कोण बसणार?’ टेप आठवडाभर कुणाशी धड बोलला नाही. त्याचा जुना मित्र, ध्वनिमुद्रण करणारा कानसेन, तेवढा स्पष्ट बोलला. ‘खोटं काय लिहिलंय? तुझी माणसं दिसतात रे छान. बोलतात कुठं?’

टेपने ते कानामागे टाकलं.

दरम्यान घरात सगळ्या गोष्टी ‘पिक्चर झाला की’ या एकाच खुंटीला टांगलेल्या होत्या. मूल, पिक्चर झाला की. दुसरं घर, पिक्चर झाला की. पहिला पिक्चर झाला, आणि लगेच दुसऱ्याचं लिखाण सुरू झालं. मूल व्हायचं वय त्यातच कधीतरी निघून गेलं. त्याबद्दलही दोघं कधी बसून बोलली नाहीत. तिचे वडील लांबच्या गावी एकटे होते, हळूहळू थकत चालले होते. त्या गावच्या इस्पितळाने तिला बोलावलं, एक्स-रे विभाग सगळा तिच्या हाती द्यायला तयार होते. जेवताना तिने विषय काढला.

‘बाबांच्या गावच्या इस्पितळातून विचारणा आलीय.’

‘बघू ना,’ टेप म्हणाला. तो समोरच्या भिंतीवर सरकणारा उन्हाचा पट्टा बघत होता. ‘हलू नको जरा… नाही, गेला.’

तिने पुन्हा दोन-तीनदा प्रयत्न केला. एकदा तो फोनवर होता, एकदा ती बोलत असतानाच त्याला एक शॉट सुचला आणि कागद शोधायला उठला. तिला जायचंच होतं असं नाही, हे नीट लक्षात घ्यायला हवं. तिला एकदा सगळं बोलायचं होतं, आणि मग तो काय म्हणतो ते ऐकायचं होतं. इस्पितळ उत्तर मागत होतं आणि तिला घरात बोलायला जागा सापडत नव्हती.

दुसरा सिनेमा एका इमारतीतल्या बायकांचा होता. ज्यांचे नवरे कामासाठी सदा बाहेर, अशा बायका. त्यातल्या एकीचा एकच प्रसंग होता: स्वयंपाकघरात, खिडकीजवळच्या टेबलाशी बसून ती नवऱ्याला मनातलं सगळं सांगते. प्रसंग टेपच्याच घरात घ्यायचा होता, कारण त्याच्या स्वयंपाकघराच्या खिडकीतून दुपारी समोरच्या दोन इमारतींच्या फटीतून ऊन यायचं, आणि तेही वर्षातले थोडेच दिवस. त्या उन्हासाठी त्याने अख्खं वेळापत्रक वाकवलं होतं. ऐन वेळी नटीचा फोन आला. तिला मालिका मिळाली होती, ती येणार नव्हती. कानसेनला दुसरीकडे रोजाचं काम लागलं होतं, तोही नव्हता. ऊन मात्र आलं.

टेप स्वयंपाकघरात डोकं धरून बसला होता. बायको कामावरून येऊन पाणी पीत होती.

‘तूच बस ना,’ तो एकदम म्हणाला.

ती नाही म्हणेल असं त्याला वाटलं होतं. साधा फोटो काढायचा म्हटलं तरी ती तोंड फिरवायची. पण तिने भांडं खाली ठेवलं आणि थोडा वेळ त्याच्याकडे बघत राहिली.

‘काय बोलायचं?’

‘लिहिलेलं राहू दे. तुझं तू बोल, मनाला येईल ते. फक्त समोर नवरा बसलाय असं समज.’

‘समजायला कशाला हवं?’ ती म्हणाली.

टेप हसला. तो तेव्हा पडदा किती सरकवावा ते बघत होता.

कॅमेऱ्यात आवाज येत नसे; त्याचं वेगळं यंत्र कानसेन ठेवून गेला होता. टेपने त्याला फोन लावला. ‘हे बघ,’ कानसेन म्हणाला, ‘बटण दोनदा दाबायचं. एकदा दाबलंस की ते नुसतं कान टवकारतं, दिवा लुकलुकतो. दुसऱ्यांदा दाबलंस की घ्यायला लागतं, मग दिवा स्थिर होतो. कळलं का?’

‘हो, हो,’ टेप म्हणाला. त्याचं लक्ष उन्हाकडे होतं. ते टेबलाच्या कडेला आलं होतं. ‘ठेवतो आता.’

त्याने बटण दाबलं. लाल दिवा लुकलुकायला लागला. आता इथे दुसरा कोणी असता तर कदाचित अडखळला असता, पण टेपचा सगळा जन्म कॅमेऱ्यामागे गेला होता, आणि त्याच्या कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू असताना लुकलुकायचाच. लुकलुकणारा दिवा म्हणजे काम सुरू. तो निश्चिंत झाला. तिच्या डोळ्यापर्यंतचं अंतर टेपने मोजलं, कॅमेऱ्यामागे जाऊन बसला आणि म्हणाला, ‘हं, बोल.’

ती बोलली. आधी थोडं अडखळत, मग सलग. इतकं ती त्याच्याशी उभ्या संसारात एका दमात बोलली नव्हती. एरवी टेप कुणाला सलग बोलू द्यायचा नाही, पण शॉट चालू असताना तोंड उघडायचं नाही हे त्याच्या हाडीमांशी मुरलेलं. तो हूं की चूं न करता तिच्याकडे बघत राहिला. एवढं टक लावून त्याने तिच्याकडे कधीच पाहिलं नव्हतं. शेवटी ती बरीच पुढे झुकली आणि थांबली. टेपची बोटं तिच्याबरोबर सरकली, फोकस केसाइतकाही हलला नाही. त्याने मान डोलवली आणि अंगठा वर केला.

तिचे डोळे भरून आले. तेही त्याने टिपलं.

‘फार छान,’ कॅमेरा बंद करत तो म्हणाला. ती उठली, भांडं विसळून जागेवर ठेवलं आणि आत गेली.

पुढचे दिवस ती हलकी दिसत होती. कपाटं आवरली, वडिलांशी फोनवर हसून बोलली, एकदा टेपला आपणहून डोक्याला तेल लावून दिलं. चेहऱ्यावर एक नितळपणा आला होता. टेपच्या ते लक्षात आलं, चेहरे त्याच्या नजरेतून सुटत नसत. त्याला वाटलं, कॅमेऱ्यासमोर बसणं हिला मानवलं.

मग तो चित्रण घेऊन संकलन करणाऱ्या बाईंकडे गेला. बाई तोंडाच्या फटकळ, कामाला वाघ. त्यांनी प्रसंग लावला. पडद्यावर बायको आली, ऊन तिच्या गालावरून खाली उतरत होतं, ओठ हलत होते. आवाज नव्हता.

‘आवाज कुठाय?’ बाईंनी विचारलं.

आवाज नव्हताच. सगळं उलटंपालटं करून झालं, कानसेनला बोलावलं. त्याने यंत्र हातात घेतलं आणि कपाळाला हात लावला. ‘दोनदा दाब म्हटलं होतं रे तुला.’

‘जाऊ दे, रडत बसू नका,’ बाई म्हणाल्या. ‘ओठ स्वच्छ दिसताहेत. त्या काय बोलल्या ते सांग, तसंच परत त्यांच्याकडून म्हणवून घेऊ आणि चिकटवू. लिहून घेते, बोल.’

टेपने तोंड उघडलं.

काहीच आलं नाही. त्याने डोळे मिटून आठवून बघितलं. बोट टेबलावर कसं फिरत होतं ते आठवत होतं, मान कधी वर झाली ते, श्वास कुठे अडकला ते, पापणी कुठे ओली झाली ते. शब्द एकही नव्हता.

‘तू समोर होतास ना?’ बाईंनी विचारलं.

‘फोकस बघत होतो,’ तो म्हणाला.

बाई आणि कानसेन एकमेकांकडे बघत राहिले. चूक यंत्राची नाही, हे त्याला तिथे, त्या खुर्चीत पहिल्यांदा कळलं.

तो घरी आला तेव्हा ती पलंगावर बसून कामाचे पांढरे कोट घड्या घालत होती.

‘अगं, एक घोळ झालाय. त्या दिवशीचा आवाज आलाच नाही. मशीन चालू नव्हतं झालं. परत एकदा बोलशील? तेच, तसंच.’

‘मशीनचं जाऊ दे,’ ती म्हणाली. ‘तू होतास की समोर.’

‘होतो ना.’

‘मग काय बोलले ते तू सांग. मी परत म्हणते.’

त्याने थाप मारून बघितली. ‘तू आपल्याबद्दल बोलत होतीस…’

‘आपल्याबद्दल काय?’

‘आधी तू टेबलावर बोट फिरवत होतीस,’ तो म्हणाला. ‘मग वर बघितलंस. मग खूप पुढे झुकलीस…’

तिचे हात थांबले. ‘तेव्हा मी तुला विचारलं होतं.’

‘काय?’

‘मी बाबांकडे गेले, तिथली नोकरी धरली, कायमची, तर तुला चालेल का. तू मान डोलवलीस. अंगठा दाखवलास.’

काही गोष्टी खऱ्या असल्या तरी बोलायच्या नसतात. टेपला ते तेव्हाही कळलं नाही. ‘तो फोकससाठी होता,’ तो म्हणाला.

ती हसली नाही, रागावलीही नाही. हातातला कोट मांडीवर तसाच राहिला. ‘मला काय वाटलं माहितीय?’ ती हळूहळू बोलत होती. ‘मला वाटलं, इतक्या वर्षांत पहिल्यांदा हा माणूस मला मधे न तोडता ऐकतोय. सगळं ऐकलं, आणि मग हो म्हणाला. इतकं बरं वाटलं होतं मला, अरे. जायला मिळतंय म्हणून नाही. ऐकलंस म्हणून.’

‘मी आता नाही म्हणतो. जाऊ नकोस.’

‘त्यांना होकार कळवलाय मी.’

‘मग नकार कळव.’

‘कशाला नाही म्हणतोस ते तरी माहितीय का तुला? सगळं ऐकून तू नाही म्हणाला असतास ना, तर थांबले असते मी. खरंच थांबले असते.’

‘मग सांग ना,’ टेप खाली तिच्या पायाशी बसला. त्याचा आवाज रडवेला झाला होता. ‘आता सांग. आता कॅमेरा नाही, काही नाही. जिवाचा कान करून ऐकतो.’

तिने प्रयत्न केला, हे मात्र तिच्या बाजूने सांगायला हवं. तिने तोंड उघडलं, त्याच्याकडे बघितलं, ओठ दोनदा हलले. मग तिने मान हलवली.

‘नाही रे. नाही येत आता.’

ती गेली. टेप तिला बसपर्यंत सोडायला गेला. वाटेत ती गिझर बंद करत जा, पाण्याचा नळ ठिबकतो त्याला कुणाला तरी दाखव, असं सांगत होती, आणि टेप तिच्या प्रत्येक शब्दाला ‘हो’ म्हणत होता. बस सुटल्यावर तो बराच वेळ त्याच थांब्यावर बसून राहिला. लोक आपापल्या बस पकडून जात होते.

सिनेमा पुरा झाला. बाईंनी सुचवलं, दुसरी कुणाची तरी बडबड चिकटवू, कुणाला कळणार आहे? टेपने ऐकलं नाही. प्रसंग मुकाच राहिला. आणि मग व्हायचं ते झालं. सिनेमा गाजला म्हणण्याइतका नाही, पण महोत्सवांतून फिरला, आणि जिथे गेला तिथे लोकांनी तो एक प्रसंग डोक्यावर घेतला. कुणी त्याला धाडस म्हटलं. ज्याने भिंतीची थट्टा केली होती त्यानेच लिहिलं, की या दिग्दर्शकाला आता माणूस ऐकू यायला लागला आहे. टेपने तो पेपर वाचून घडी घालून बाजूला ठेवला. त्याला पहिल्यांदा स्तुतीची शिसारी आली.

सिनेमा संपल्यावर प्रश्नोत्तरं व्हायची आणि प्रत्येक ठिकाणी एक प्रश्न ठरलेला असायचा. ती बाई काय बोलते? टेपकडे एक उत्तर तयार होतं: ‘ज्याने त्याने आपापलं ऐकावं.’ यावर टाळ्या पडायच्या. असं बरेचदा चाललं.

एका सभागृहात पुढच्या रांगेतल्या एका वयस्क बाईंनी तोच प्रश्न विचारला. पण त्यांनी तो साधेपणाने विचारला, खरंच जाणून घ्यायचं असल्यासारखा. टेपने माइक तोंडाशी नेला, पण ठरलेलं उत्तर या वेळी दिलं नाही.

‘मला माहीत नाही,’ तो म्हणाला. ‘ती माझी बायको आहे. मी तिच्यासमोरच बसलो होतो. पण ती काय बोलली ते मला माहीत नाही.’

मग मागून कोणीतरी हसलं, आणि मग सगळं सभागृह हसलं, आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. सूत्रसंचालक म्हणाला, ‘याहून सुंदर उत्तर असूच शकत नाही.’ वयस्क बाईही हसून खाली बसल्या. टेप माइक धरून उभा राहिला. त्याला सांगायचं होतं की यात विनोद नाही, पण पुढचा प्रश्न लेन्सबद्दलचा होता.

बाहेर पडून पायऱ्यांवर बसून त्याने तिला फोन लावला. ते अधूनमधून बोलत असत. ती वडिलांच्या गुडघ्यांबद्दल सांगायची, नव्या मशीनबद्दल सांगायची, आणि टेप डोळे मिटून शब्द न् शब्द ऐकायचा. आता त्याला तिच्या बोलण्यातलं सगळं ऐकू यायचं, दम लागलेला कळायचा, कंटाळा आलेला कळायचा.

‘आज मी खरं सांगितलं लोकांना,’ तो म्हणाला. ‘तू काय बोललीस ते मला माहीत नाही, म्हणून. ते हसले.’

‘बरं.’

‘एकदा सांगशील का गं? कधीतरी? आज नाही तर नाही.’

पलीकडे कुणीतरी पेशंटचं नाव पुकारत होतं. ‘सांगितलं होतं की रे,’ ती म्हणाली. तिचा आवाज मऊ होता, त्यात राग नव्हता. ‘चल, ठेवते. बाहेर पेशंट बसलेत.’